फोन चार्ज होतो, पण संगणकात दिसत नाही

गेल्या दोन महिन्यांत या सदराकडे आलेल्या पत्रांपैकी बरीच पत्रे स्मार्टफोन संगणकाला जोडण्याविषयीची आहेत आणि त्यांतल्या बहुतेकांचा शेवट ‘यूएसबी ड्रायव्हर कोठे मिळेल’ या प्रश्नाने झाला आहे. त्यांतली पाच पत्रे येथे घेतली असून पत्रलेखकांची नावे त्यांच्या इच्छेनुसार दिलेली नाहीत.

प्रश्न : माझ्याकडे अँड्रॉइड फोन आणि विंडोज १० असलेला लॅपटॉप आहे. मुलाच्या लग्नातले फोटो लॅपटॉपमध्ये घ्यावेत म्हणून केबल जोडली, तर फोन चार्ज होऊ लागला. पण लॅपटॉपवर तो कोठेच दिसेना. ओळखीच्या एका मुलाने ‘ड्रायव्हर टाकावा लागेल’ असे सांगितले, म्हणून इंटरनेटवर शोधून एक प्रोग्रॅम उतरवून घेतला. त्याने लॅपटॉप तपासून ३७ ड्रायव्हर जुने असल्याचे दाखवले आणि ते बदलून देण्यासाठी पैसे मागितले. पैसे भरावेत का?
— एक निवृत्त मुख्याध्यापिका, कराड

उत्तर : भरू नयेत. तो प्रोग्रॅम सेटिंग्जमधल्या अ‍ॅप्सच्या यादीतून आजच काढून टाकावा आणि त्याच्यासोबत ब्राउझरमध्ये नवे काही येऊन बसले असेल तर तेही काढावे. ३७ या आकड्याला फारसा अर्थ नाही. बिनतक्रार चालणाऱ्या ड्रायव्हरचीही नवी आवृत्ती निघाली असली की असले प्रोग्रॅम तो ‘जुना’ म्हणून मोजतात आणि त्या यादीचा आपल्या फोनशी बहुधा काडीचाही संबंध नसतो. पैसे भरण्याच्या पानावर कार्डाचा क्रमांक आधीच दिला असेल, किंवा ‘मदतीसाठी’ फोन करून कोणी लॅपटॉपचा ताबा मागितला असेल, तर बँकेला लगेच कळवावे आणि १९३० या सायबर मदत क्रमांकावर तक्रार नोंदवावी.

आता मूळ अडचण पाहू. एखाद्या उपकरणाशी कसा व्यवहार करायचा हे विंडोजला सांगणारा छोटा प्रोग्रॅम म्हणजे ड्रायव्हर. फोटो आणि फायली यांची ने-आण करण्यासाठी अँड्रॉइड फोन जी पद्धत वापरतो तिचे नाव एमटीपी, म्हणजे मीडिया ट्रान्सफर प्रोटोकॉल. ही पद्धत मुळात मायक्रोसॉफ्टनेच तयार केली आणि २००८ मध्ये तिला यूएसबीच्या अधिकृत मानकांत स्थान मिळाले. त्यामुळे तिचा ड्रायव्हर विंडोजबरोबर आधीपासूनच आलेला असतो आणि तो वेगळा शोधण्याची गरज सहसा पडत नाही. अपवाद आहे तो नावात ‘एन’ हे अक्षर असलेल्या, प्रामुख्याने युरोपात विकल्या जाणाऱ्या विंडोजचा. तिच्यात हा भाग नसतो आणि मायक्रोसॉफ्टचा ‘मीडिया फीचर पॅक’ तेवढा बसवावा लागतो. परदेशातल्या मुलाने किंवा मुलीने तिकडून आणलेला लॅपटॉप असेल तर हे एकदा पाहून घ्यावे.

तेव्हा ड्रायव्हरकडे वळण्यापूर्वी फोनकडे पाहावे. केबल जोडल्यावर फोनचे कुलूप पिन किंवा बोट लावून उघडावे, कारण फोन कुलूपबंद असताना संगणकाला आतले काहीच दिसत नाही. मग पडदा वरून खाली ओढावा. सूचनांच्या यादीत अगदी तळाशी, बारीक अक्षरांत, फोन यूएसबीने चार्ज होत असल्याची ओळ असते. तिच्यावर बोट ठेवले की पर्याय उघडतात, त्यांतला ‘फाइल ट्रान्सफर’ निवडावा. अँड्रॉइडची सहावी आवृत्ती २०१५ मध्ये आली तेव्हापासून फोन कोणत्याही संगणकाला जोडला तरी आधी फक्त वीज घेतो. स्टेशनवरच्या किंवा हॉटेलातल्या अनोळखी सॉकेटमधून कोणी परस्पर फायली काढून घेऊ नयेत यासाठी ही व्यवस्था आहे. ती योग्यच आहे, फक्त ती ओळ इतकी कोपऱ्यात ठेवली आहे की माहीत नसलेल्याच्या नजरेस ती पडतच नाही.

एवढे करूनही फोन दिसला नाही, किंवा ती ओळच आली नाही, तर केबल बदलून पाहावी. हे मी स्वानुभवाने सांगतो. एका रविवारी मी अख्खी दुपार याच कामात घालवली होती. ड्रायव्हर तीनदा काढून तीनदा बसवला, लॅपटॉप कितीदा बंद करून चालू केला याची गणतीच नाही, आणि संध्याकाळी शेजाऱ्यांकडची केबल आणून लावली तर फोन क्षणात समोर आला. माझी केबल दाढीच्या ट्रिमरबरोबर आलेली होती. रागाच्या भरात ती कात्रीने कापली, तेव्हा आत तांबडी आणि काळी अशा दोनच तारा निघाल्या. त्या दोन तारा विजेच्या. माहिती ज्यांतून जाते त्या हिरव्या आणि पांढऱ्या तारा तिच्यात घातलेल्याच नव्हत्या. ट्रिमर, दिवे, स्वस्तातल्या पॉवर बँका यांच्याबरोबर अशा केबली सर्रास येतात, आणि बाहेरून पाहून त्या ओळखता येत नाहीत. चांगली केबलही वर्षभर वाकवून वापरली की आतली एखादी बारीक तार तुटते आणि चार्जिंग मात्र सुरूच राहते. यूएसबीची पहिली आवृत्ती १९९६ मध्ये आली. इंटेलमध्ये ती घडवणाऱ्या गटाचे प्रमुख अजय भट्ट हे बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात शिकलेले. वीज आणि माहिती एकाच केबलमधून नेण्याची सोय तेव्हापासून झाली, आणि वीज येते आहे म्हणजे केबल ठीकच आहे, असा आपला समजही तेव्हापासूनच सुरू झाला असावा. फोनबरोबर डब्यात आलेली केबल शोधून तीच लावावी, ती मधल्या हबमध्ये न लावता थेट लॅपटॉपमध्ये लावावी, आणि फोनच्या खाचेत खिशातला कापूस साचला असेल तर फोन बंद करून लाकडी दातकोरणीने तो हळूच काढावा.

यानंतरही अडले तर मात्र ‘डिव्हाइस मॅनेजर’, म्हणजे संगणकाला जोडलेल्या उपकरणांची यादी, उघडावा. स्टार्टच्या बटणावर माउसचे उजवे बटण दाबले की त्याचे नाव दिसते. फोन जोडताना आणि काढताना त्या यादीकडे लक्ष ठेवावे. केबल लावल्यावर यादी जराही हलली नाही, तर संगणकाला फोन लागल्याचे कळलेलेच नाही. अशा वेळी जगातला कोणताही ड्रायव्हर उपयोगाचा नाही. पिवळ्या त्रिकोणातल्या उद्गारचिन्हासह ‘अननोन यूएसबी डिव्हाइस’ आणि पुढे ‘डिव्हाइस डिस्क्रिप्टर रिक्वेस्ट फेल्ड’ असे आले, तर संगणकाने फोनला ‘तू कोण’ असे विचारले पण उत्तर नीट पोहोचले नाही, असा त्याचा अर्थ. त्या ओळीवर दोनदा टिचकी मारल्यास ‘कोड ४३’ दिसतो आणि दोष बहुधा केबलमध्ये, खाचेत किंवा पोर्टमध्ये असतो. फोनचे किंवा एमटीपीचे नाव स्पष्ट दिसते आणि आत ‘कोड २८’ लिहिलेले असते, तेव्हाच ड्रायव्हर बसलेला नाही असे खात्रीने म्हणता येते.

‘कोड २८’ असेल तर त्या ओळीवर उजवे बटण दाबून ‘अपडेट ड्रायव्हर’ घ्यावे, ‘ब्राउज माय कम्प्युटर’ निवडावे आणि पुढच्या खिडकीत तळाशी असलेले ‘लेट मी पिक’ हे वाक्य दाबावे. उपकरणांचे प्रकार विचारले तर ‘पोर्टेबल डिव्हाइसेस’ आणि त्यात ‘एमटीपी यूएसबी डिव्हाइस’ निवडावे. इंटरनेटवरून काहीही न उतरवता विंडोजमधलाच ड्रायव्हर अशा रीतीने हाताने जोडून देता येतो. ‘कोड १०’ असल्यास ती ओळ ‘अनइन्स्टॉल’ करावी, केबल काढावी, फोन आणि लॅपटॉप दोन्ही बंद करून चालू करावेत आणि फोनचे कुलूप उघडून मगच केबल पुन्हा लावावी.

लग्नाचे फोटो नेताना ‘कट’ न करता ‘कॉपी’ करावेत, ते लॅपटॉपवर उघडून पाहावेत आणि मगच फोनमधून काढावेत. मध्येच केबल हलली तर ‘कट’ केलेल्या फायलींचे काय झाले हे शोधत बसण्याची वेळ येते.

प्रश्न : आमचे लग्नपत्रिका आणि फ्लेक्सचे डीटीपीचे दुकान आहे. पेजमेकर आणि जुने मराठी फाँट चालावेत म्हणून एक संगणक विंडोज ७ वरच ठेवला आहे. गिऱ्हाईक फोन घेऊन येतात, त्यातून फोटो घ्यायचा असतो. पूर्वी फोन लावला की पेनड्राइव्हसारखा ‘ई’ किंवा ‘एफ’ असा ड्राइव्ह दिसायचा. हल्ली काही फोन दिसतात, काही दिसत नाहीत, आणि दिसले तरी पेजमेकरमधून फोटो उचलता येत नाही. सर्व फोनांना चालेल असा एकच ड्रायव्हर मिळेल का?
— एक डीटीपी व्यावसायिक, बेळगाव

उत्तर : पूर्वी आणि आता यांतला जो फरक आपण टिपला आहे तो बरोबर आहे. सुरुवातीच्या अँड्रॉइड फोनांत ‘मास स्टोरेज’ पद्धत होती. तिच्यात फोन आपले मेमरी कार्ड तेवढ्या वेळापुरते संगणकाच्या हवाली करून टाकत असे, म्हणून संगणक त्याला ड्राइव्हचे अक्षर देई. मात्र तोवर फोनला स्वतःचे फोटो आणि गाणी दिसत नसत, आणि कोणी घाईने केबल उपटली तर कार्डाची घडी विस्कटत असे. २०११ मध्ये अँड्रॉइडच्या तिसऱ्या आवृत्तीपासून एमटीपी आले. आता साठवण फोनच्याच ताब्यात राहते आणि संगणक एकेक फाईल मागून घेतो. म्हणून फोनचे नाव दिसते, पण त्याला ड्राइव्हचे अक्षर मिळत नाही. पेजमेकरच्या ‘प्लेस’च्या खिडकीला अक्षराचा ड्राइव्ह लागतो, तेव्हा तिला फोन सापडत नाही. यावर ड्रायव्हरचा इलाज नाही. संगणकावर ‘गिऱ्हाईक’ नावाचे एक फोल्डर करावे, फोनातला फोटो आधी तेथे कॉपी करावा आणि पेजमेकरमध्ये तेथून घ्यावा.

काही फोन दिसतच नाहीत, त्याचे आपल्या बाबतीतले एक कारण वेगळे असण्याचा संभव आहे, आणि ते खरोखरच ड्रायव्हरचे आहे. विंडोज ७ निघाली तेव्हा यूएसबी ३ चा आधार तिच्यात नव्हता. आपल्या कॅबिनेटला निळी जीभ असलेले पोर्ट असतील आणि मदरबोर्डच्या सीडीतला यूएसबी ३ चा ड्रायव्हर कधी बसवलेला नसेल, तर त्या पोर्टांतून चार्जिंग होईल, पण फोन ओळखला जाणार नाही. मागच्या बाजूचे काळ्या जिभेचे पोर्ट वापरून पाहावेत. तेथे तोच फोन दिसला तर निदान पक्के झाले. मग मदरबोर्डचा नमुना क्रमांक पाहून त्याच्या उत्पादकाच्या संकेतस्थळावरून ड्रायव्हर घ्यावा. तो दुसऱ्या संगणकावर उतरवून पेनड्राइव्हने आणावा, कारण विंडोज ७ ला मायक्रोसॉफ्टकडून मिळणारी सुरक्षेची डागडुजी १४ जानेवारी २०२० रोजी थांबली आहे आणि त्या संगणकावर गिऱ्हाइकांचे काम असताना तो इंटरनेटला न जोडलेलाच बरा.

सर्व फोनांना चालणारा ‘युनिव्हर्सल’ ड्रायव्हर म्हणून जे विकले किंवा वाटले जाते ते घेऊ नये. फायली नेण्यापुरता सर्वांना चालणारा ड्रायव्हर एमटीपीचाच आणि तो आपल्याकडे आहे. एखाद्या फोनापुढे पिवळे चिन्ह येऊन ‘कोड २८’ दिसला तर कराडच्या पत्राला दिलेल्या उत्तरातली हाताने निवडण्याची रीत विंडोज ७ वरही चालते. फक्त डिव्हाइस मॅनेजर ‘कम्प्युटर’वर उजवे बटण दाबून ‘प्रॉपर्टीज’मधून उघडावा लागतो.

गिऱ्हाइकाचे फोटो बहुतेक वेळा व्हॉट्सअ‍ॅपवर आलेले असतात आणि ते कॅमेऱ्याच्या फोल्डरमध्ये शोधून सापडत नाहीत. फोनच्या अंतर्गत साठवणीत ‘अँड्रॉइड’, त्यात ‘मीडिया’, त्यात ‘कॉम डॉट व्हॉट्सअ‍ॅप’, त्यात ‘व्हॉट्सअ‍ॅप’ आणि पुन्हा ‘मीडिया’ असे उतरत गेले की ‘व्हॉट्सअ‍ॅप इमेजेस’ हे फोल्डर मिळते. पण नवरा-नवरीचा फोटो दहा फुटी फ्लेक्सवर जायचा असेल तर मुळात व्हॉट्सअ‍ॅपने दाबून लहान केलेली प्रत घेऊच नये. ज्याच्याकडे मूळ फोटो आहे त्याला तो ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवायला सांगावे. आणि फोनचे कुलूप उघडणे, परवानगी देणे हे गिऱ्हाइकाच्याच हाताने, आपल्या समोर होऊ द्यावे.

प्रश्न : मी अभियांत्रिकीच्या तिसऱ्या वर्षाला असून अँड्रॉइड अ‍ॅपचा प्रकल्प करत आहे. फोनमधल्या फायली लॅपटॉपवर दिसतात. पण अँड्रॉइड स्टुडिओत फोन दिसत नाही. मित्राने विंडोजची सही-तपासणी बंद करून एका चॅनेलवरचा ड्रायव्हर टाकायला सांगितले आहे. तसे करावे का?
— एक विद्यार्थी, छत्रपती संभाजीनगर

उत्तर : या अंकातल्या पाच पत्रांत, बेळगावच्या निळ्या पोर्टाचा संभव सोडला तर, ज्यांना खरोखर ड्रायव्हर वेगळा शोधून बसवावा लागेल असे आपणच. फायली दिसतात म्हणजे केबल आणि पोर्ट ठीक आहेत. परंतु डीबगिंग, म्हणजे अ‍ॅपमधले दोष संगणकावरून शोधण्याची सोय, चालू केलेला फोन त्याच केबलवरून संगणकाला दोन वेगवेगळी उपकरणे म्हणून सामोरा जातो : एक फायलींचे, दुसरे एडीबीचे, म्हणजे संगणकावरून फोनला आज्ञा देणाऱ्या ‘अँड्रॉइड डीबग ब्रिज’चे. पहिल्याचा ड्रायव्हर विंडोजला सापडला, दुसऱ्याचा सापडला नाही, इतकीच गोष्ट आहे.

प्रथम ‘बिल्ड नंबर’वर सात वेळा टिचकी मारून ‘डेव्हलपर ऑप्शन्स’ उघडले आहेत आणि त्यात ‘यूएसबी डीबगिंग’ चालू आहे याची खात्री करावी. मग आज्ञांच्या खिडकीत ‘एडीबी डिव्हायसेस’ ही आज्ञा द्यावी. यादीत फोनचा क्रमांक आणि पुढे ‘अनऑथराइज्ड’ असे आले तर ड्रायव्हर बसलेला आहे. फोनच्या पडद्यावर संगणकाचा ठसा मान्य करण्याविषयी विचारणारी चौकट आली आहे आणि तिला होकार द्यायचा राहिला आहे. चौकट येतच नसेल तर डेव्हलपर ऑप्शन्समधून आधीच्या सर्व परवानग्या रद्द करून केबल पुन्हा लावावी. यादी अगदीच रिकामी आली तर डिव्हाइस मॅनेजरकडे जावे.

तेथे पिवळ्या चिन्हाच्या ओळीवर ‘प्रॉपर्टीज’, मग ‘डिटेल्स’ आणि त्यातल्या उतरत्या यादीत ‘हार्डवेअर आयडीज’ निवडावे. ‘व्हीआयडी’ या अक्षरांपुढे चार अंक-अक्षरांचा एक क्रमांक असतो, तो उत्पादकाचा : १८डी१ असेल तर गूगल, ०४ई८ असेल तर सॅमसंग, २७१७ असेल तर शाओमी, २२बी८ असेल तर मोटोरोला. फोनच्या पाठीवर नाव काहीही छापलेले असो, विंडोज ड्रायव्हर शोधते ते या क्रमांकावरून. गूगलचा ड्रायव्हर अँड्रॉइड स्टुडिओच्या ‘एसडीके मॅनेजर’मधून, ‘एसडीके टूल्स’ या पानावर खूण करून उतरवता येतो. पण तो गूगलच्या स्वतःच्या फोनांसाठी आहे, त्यामुळे इतरांनी आपापल्या उत्पादकाच्या अधिकृत संकेतस्थळावरचा घ्यावा. मॅक आणि लिनक्स यांवर असा ड्रायव्हर लागत नाही. लिनक्सवर फार तर परवानगीचा एखादा नियम लिहावा लागतो.

मित्राचा सल्ला मानू नये. ६४ बिटांच्या विंडोजवर व्हिस्टापासून गाभ्यात बसणाऱ्या ड्रायव्हरवर डिजिटल सही असावीच लागते, नाहीतर ‘कोड ५२’ येतो. ड्रायव्हर विंडोजच्या गाभ्यात चालतो. तेथे शिरलेल्या प्रोग्रॅमला आपल्या संगणकावर काहीच बंद नसते. कोणी बनवला हे ठाऊक नसलेला ड्रायव्हर घरात घेण्यासाठी दारावरचा पहारा उठवणे हे प्रकल्पाच्या गुणांसाठी फार महाग पडेल.

आणि फोनात अँड्रॉइड ११ किंवा त्यापुढची आवृत्ती असेल तर हा सगळा खटाटोप टाळताही येतो. डेव्हलपर ऑप्शन्समध्ये ‘वायरलेस डीबगिंग’ आहे. फोन आणि लॅपटॉप एकाच वायफायवर ठेवून सहा आकडी क्रमांकाने किंवा क्यूआर कोडने जोडी जमवता येते, तिला यूएसबी ड्रायव्हर मुळीच लागत नाही. प्रकल्पाचे काम संपले की डीबगिंग बंद करावे; ते चालू असताना काही बँकांची अ‍ॅप उघडत नाहीत आणि दोष नाहक बँकेला दिला जातो.

प्रश्न : फोन हातातून पडला. पडदा दिसतो, पण स्पर्शाला अजिबात दाद देत नाही. आत मुलीचे लहानपणापासूनचे फोटो आहेत. केबलने संगणकाला जोडला तर फोन दिसत नाही. यासाठी काही खास ड्रायव्हर असतो का?
— एक गृहिणी, डोंबिवली

उत्तर : असा ड्रायव्हर नसतो, पण फोटो निघू शकतील. आपली अडचण अशी की ‘फाइल ट्रान्सफर’ निवडायला बोट लागते आणि बोट चालत नाही. तेव्हा बोटाऐवजी माउस वापरावा. फोनच्या खाचेत बसणारे ओटीजी जोडणीचे छोटे उपकरण बाजारात मिळते. त्याच्या दुसऱ्या टोकाला साधा यूएसबी माउस लावला की बहुतेक अँड्रॉइड फोनांवर पडद्यावर बाण दिसू लागतो, त्यासाठी कोणतीही तयारी लागत नाही. त्या बाणाने पिनचे आकडे दाबता येतात.

येथे एक पेच आहे. माउसने खाच अडवलेली असताना संगणकाची केबल लावता येत नाही, आणि केबल लावली की माउस नाही. म्हणून संगणकाचा नाद सोडावा. ओटीजीला एक छोटा यूएसबी हब जोडावा आणि त्या हबमध्ये माउस व पेनड्राइव्ह दोन्ही लावावेत. फोनमधले ‘फाइल्स’ अ‍ॅप उघडून फोटोंचे फोल्डर माउसने निवडावे आणि पेनड्राइव्हवर कॉपी करावे. पेनड्राइव्ह आधी संगणकावर ‘एक्सफॅट’ किंवा ‘फॅट ३२’ या पद्धतीने फॉरमॅट करून घ्यावा, कारण ‘एनटीएफएस’चा पेनड्राइव्ह अनेक फोन वाचत नाहीत, ‘फॅट ३२’ वर मात्र ४ जीबीहून मोठी फाईल, म्हणजे एखादे लांबलचक चित्रीकरण, मावत नाही. हबवरची दोन्ही उपकरणे फोनच्याच बॅटरीवर चालतात, तेव्हा फोन आधी पूर्ण चार्ज करावा आणि सगळे फोटो एकदम न निवडता वर्षावर्षाचे नेत जावेत.

दुरुस्तीला देण्याची घाई त्यानंतर करावी. पडदा बदलताना फोनमधला मजकूर पुसावा लागत नाही. तरीही आधी सगळे पुसू द्या असे कोणी म्हणाले, तर फोन तसाच परत घ्यावा.

प्रश्न : माझ्या आयफोनमधले फोटो विंडोजच्या लॅपटॉपवर घेताना काही येतात आणि मध्येच ‘डिव्हाइस काम करत नाही’ अशा अर्थाचा संदेश येऊन थांबतात. पत्नीकडे मॅक आणि अँड्रॉइड फोन आहे, त्यांची तर गाठच पडत नाही. दोघांसाठी कोणते ड्रायव्हर घ्यावेत?
— एक वाचक, पुणे

उत्तर : आयफोनसाठी अ‍ॅपलचा ड्रायव्हर लागतो, पण तो सुटा शोधू नये, मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून ‘अ‍ॅपल डिव्हायसेस’ हे अ‍ॅप किंवा आयट्यून्स घेतले की तो त्याबरोबर येतो. केबल लावल्यावर फोनवर ‘या संगणकावर विश्वास ठेवायचा का’ असे विचारले जाते, तेथे होकार आणि पासकोड द्यावा. मध्येच थांबण्याचे कारण बहुधा ड्रायव्हरमध्ये नाही. आयफोन फोटो ‘हेइक’ प्रकारात साठवतो आणि संगणकाला देताना त्यांचे जेपेग करत बसतो. त्या घाईत जोडणी तुटते. फोनच्या सेटिंग्जमध्ये फोटोंच्या पानावर अगदी खाली ‘ट्रान्सफर टू मॅक ऑर पीसी’ आहे, तेथे ‘ऑटोमॅटिक’ऐवजी ‘कीप ओरिजिनल्स’ निवडावे. काही फोटो मुळातच दिसत नसतील तर आयक्लाउडमध्ये जागा वाचवण्याचा पर्याय चालू आहे का पाहावे. तो चालू असल्यास मूळ फोटो फोनमध्ये नसून अ‍ॅपलच्या सर्व्हरवर असतात आणि केबलने ते येणार नाहीत.

मॅकला एमटीपी स्वतःहून कळत नाही, म्हणून पत्नीच्या फोनसाठी ‘ओपनएमटीपी’सारखे एखादे अ‍ॅप मॅकवर बसवावे लागेल, ते मोफत आहे. फोनवर ‘फाइल ट्रान्सफर’ निवडणे तेथेही आहेच. मॅकला यूएसबी-सीचेच पोर्ट असतील तर दोन्ही टोकांना सी असलेली केबल घ्यावी, आणि ती घेताना दुकानदाराला ‘चार्जिंगची’ असे न सांगता ‘डेटाची’ असे सांगावे व शक्य असल्यास दुकानातच फोन जोडून पाहावी.